नसलेलं गाव रंगवायचं तर

प्रश्न आला तो थोडक्यात असा. विचारणारी पंचविशीतली, चित्रकलेची पदवी झालेली, घरचे आगरी. नवी मुंबई विमानतळासाठी जी दहा गावं उठली त्यांतलं एक तिचं. आता बिऱ्हाड करंजाड्याला. आजी तरुणपणी मिठागरात कामाला जायची. गावावर वीस कॅनव्हासची मालिका करायची तिच्या मनात आहे, मोबाइलमध्ये राहिलेल्या फोटोंवरून, ॲक्रिलिकमध्ये. फोटोवरून केलं तर चालेल का, वारलीसारखी लोकशैली घेतली तर चित्र ‘आपलं’ वाटेल का, खाडीची माती आणि मीठ चित्रात वापरता येतं का, हे सगळं नुसती हळहळ होऊ नये म्हणून काय करावं, आणि दाखवावं कुठे, असं तिचं विचारणं आहे.

हळहळीचं आधी घेते. बाकीची उत्तरं बरीचशी त्यातूनच निघतील.

तुम्ही विषयांची यादी पाठवलीत. डोंगर, खाडीवरचा सूर्यास्त, नांगरलेल्या होड्या, देऊळ, वड, ओट्यावर बसलेली आजी. खरं सांगू का, ही यादी तुमच्या गावाची वाटत नाही. अलिबागकडच्या एखाद्या रिसॉर्टमध्ये रिसेप्शनच्या मागे टांगलेली चित्रं अशीच असतात. तुमच्या हातात खोट नाही, सोबतच्या दोन रेखाटनांतली रेषा चांगली आहे. अडचण तुम्ही उभ्या कुठे आहात याची आहे. ही सगळी दृश्यं गावाबाहेर उभं राहून पाहिलेली, पाहुण्याने बघावीत तशी. गावात नांदणारं माणूस गावाकडे असं बघत बसत नाही, त्याला तिथे काम असतं. त्याला जागा आठवते ती त्या कामाच्या अंगाने. तेव्हा गाव दिसायचं कसं हे सोडा आणि गावात काय केलं जायचं तिथून सुरुवात करा.

ठाण्याच्या खाडीत रेतीचा धंदा जोरात होता तेव्हा मी कोलशेत, कळवा, मुंब्रा अशा बंदरांवर स्केचिंगला जायचे. काही ठिकाणी डुबीने रेती काढत. होडीतून बांबू तळाला रोवायचा, त्याला धरून माणूस बादली घेऊन खाली जायचा, चाचपडत बादली भरायचा आणि वर यायचा. दिवसभर हेच. ते काम सोडून दिलेल्या एका वयस्कर गृहस्थांना मी वही दिली आणि म्हटलं, काका, खाडी काढून दाखवा. त्यांनी कागदाच्या मधोमध वरून खाली एकच रेघ ओढली. तो बांबू. वरच्या टोकाला एक आडवी रेघ, ती होडीची कड. मग रेघेवर खुणा करत गेले: इथवर उजेड, इथे पाणी एकदम गार लागतं, इथे कान दुखायला लागतो, इथे ओहोटीची ओढ पाय खेचते. तळाला पेन्सिल आडवी धरून काळं केलं, ती रेती. किनारा नाही, तिवरं नाहीत, रेल्वेचा पूल नाही. मी काठावर बसून खाडी आडवी रंगवत होते, त्यांच्याकडे ती उभी होती. त्या कागदावर हळहळ औषधालाही नव्हती, आणि त्या धंद्याने अंगाकडून काय वसूल केलं ते सगळं होतं.

तुमच्या आजीकडे असं एक अख्खं मिठागर आहे. पण ‘आजी, आपलं गाव कसं होतं गं?’ असं विचारलंत तर भाषण मिळेल. सोन्यासारखं होतं, माणसं जिवाला जीव देणारी होती, आता काही उरलं नाही. खरं असेल, पण त्यावर चित्र होत नाही. त्याऐवजी कामाचं विचारा. हंगामाच्या आधी वाफ्याचा तळ पायांनी तुडवून कडक करायचे, तेव्हा रांगेत किती जणी असायच्या, कोणाच्या शेजारी कोण? उधाणाला उघाडीतून, म्हणजे बांधाच्या दारातून, पाणी आत घेताना रात्र असेल तर उजेड कशाचा? पाणी एका वाफ्यातून दुसऱ्यात नेत नेत दाट होत जातं, ते दाट झालं हे मीटर नसताना कशावरून ओळखायचे? मीठ ओढायचं फळीचं अवजार उजव्या हाताला जास्त लागायचं की डाव्या? पाटी डोक्यावर असताना बांधावरून समोरून दुसरी पाटी आली तर कोण थांबायचं? दुपारी सावली कुठे होती? मूल कुठे झोपवायच्या?

या प्रश्नांची उत्तरं ती हात हलवून देईल. ते हात काढा. आवाज फोनवर रेकॉर्ड होऊ द्या आणि तुमचा डोळा तिच्या हातांवर ठेवा. मीठ ओढतानाचा पाठीचा बाक ती बसल्या जागी दाखवेल, आणि एरवी खुर्चीतून उठताना कण्हणारी बाई तेवढ्यापुरती निराळीच दिसेल.

आणि मिठागर म्हणजे नुसतं पांढरं नव्हे, हे रंगवणाऱ्याच्या फार कामाचं आहे. पाणी दाट होत जातं तसा त्याचा रंग फिरतो; शेवटच्या वाफ्यांत कधी गुलाबी झाक येते, ती खारात वाढणाऱ्या सूक्ष्म जीवांची. मोजायचं तर दाटपणा बोमे अंशांत मोजतात, साधारण २५ अंशांच्या आसपास मीठ धरू लागतं. पहिल्या पाण्यापासून मीठ धरण्यापर्यंत करड्या मातकटाकडून गुलाबी पांढऱ्याकडे जाणारी ही रंगांची पट्टी आयती तुमच्यापुढे आहे. तुमच्या वीस कॅनव्हासवरच्या सूर्यास्तापेक्षा मला ती जास्त हवीशी वाटते.

यानंतरचं काम म्हणजे माणसांच्या आठवणी एकमेकींवर घालून बघणं. एक गल्ली निवडा. आई, एखादे चुलते, तुमची शाळेतली मैत्रीण, तिघांना वेगवेगळं बसवून त्याच गल्लीचा नकाशा काढायला लावा, एकमेकांचं न बघता. मग ते तिन्ही ट्रेसिंग पेपरवर उतरवून एकावर एक ठेवा. विहीर जुळणार नाही. आईच्या नकाशात घर ते विहीर अंतर लांबलचक असेल कारण ती भरलेला हंडा घेऊन चालली आहे. चुलत्यांच्या नकाशात विहीर असेलच असं नाही, पण बांधाला खांड कुठे पडायची ती जागा ते डोळे मिटून दाखवतील. मैत्रिणीच्या नकाशात कोणाचा तरी कुत्रा असेल. यांतलं खरं कोणतं हे ठरवायला जाऊ नका. न जुळणाऱ्या रेषा तशाच राहू द्या, चित्राची खरी जागा तीच आहे.

झरीना हाश्मी यांचं काम मिळेल तिथे बघा. अलीगढमध्ये वाढलेल्या, गणित शिकलेल्या, आयुष्यभर या देशातून त्या देशात राहिलेल्या. वडिलांच्या घराचं त्यांनी एक एचिंग, म्हणजे धातूच्या पत्र्यावरून घेतलेलं छापचित्र, केलं, १९९४ चं. त्यात दरवाजाचं, अंगणाचं, झाडाखालच्या खाटेचं चित्र नाही. घराचा वरून पाहिलेला आराखडा आणि खोल्याखोल्यांवर उर्दूत नावं. एवढंच. पुढे १९९९ मध्ये ३६ लाकूडठशांची मालिका केली, तीही काळ्या पांढऱ्यातच. एवढं कोरडं काम, आणि तरी लोक त्यापुढून हलत नाहीत, कारण आराखड्यात बघणाऱ्याला स्वतःच चालावं लागतं.

हे तुम्ही आणखी पुढे नेऊ शकता. आपल्याकडे घराचा पाया घ्यायच्या आधी जमिनीवर फक्की, म्हणजे चुन्याची पूड, टाकून आखणी करतात. करंजाड्याला एखादं मोकळं मैदान बघा, कोणाची हरकत नसेल असं, आणि गेलेल्या घराची आखणी पुऱ्या मापात फक्कीने करा. माप फुटात घेऊ नका. आईला म्हणा, उंबऱ्यावर उभी राहा, आता चुलीपाशी जा. ती जिथे थांबेल तिथे चूल. मागच्या दारी जा. ती वळेल, दोन पावलं टाकेल, आणि बहुतेक म्हणेल, नाही, इथे भिंत होती. पायांना घर डोळ्यांपेक्षा जास्त लक्षात असतं. वरून, म्हणजे शेजारच्या इमारतीच्या गच्चीतून, फोटो काढा. हवं तर त्याचं चित्र करा, नाहीतर तेच काम समजा. मालिकेतलं एक मोठं काम फारशा खर्चाशिवाय झालेलं असेल.

आता फोटोंचं. फोटो वापरायला काहीच हरकत नाही, पण त्याच्याकडून माहिती घ्या आणि फोन उलटा घालून ठेवा. फोटोवरून थेट उतरवलेल्या चित्रात कॅमेऱ्याचा एकच डोळा राहतो, आणि माणूस एका डोळ्याने, एका जागी उभं राहून जगत नाही. यासाठी ठाण्याच्या माणसाला चित्रकार सुधीर पटवर्धन सोडून कुठे जायची गरज नाही. १९७५ ते २००५ ते ठाण्यात रेडिओलॉजिस्ट होते. दिवसा क्ष-किरण, उरलेल्या वेळात चित्रं. पोखरण रोड, लोकल, नाले, रेल्वेचे पूल, उल्हासनगर, लोअर परळ, हे सगळं त्यांच्या कॅनव्हासवर आहे. त्यांच्या मोठ्या चित्रात रस्ता एका उंचीवरून दिसतो, त्याच रस्त्यावरची माणसं डोळ्याच्या पातळीवर, आणि पलीकडची इमारत तिसऱ्याच कोनातून. हे सगळं असं सांधलेलं असतं की बघताना खटकत नाही, उलट आपण त्या भागातून चालतो आहोत असं वाटतं. अशी जोडणी फोटोतून येत नाही, ती पुन्हापुन्हा चालून आणि काढून येते. तुमचं चालणं आता शक्य नाही, म्हणून तर आईच्या पायांनी चालायचं.

कागदपत्रं मात्र जमेल तितकी गोळा करा, आणि इथे मी जरा रेंगाळणार आहे कारण विद्यार्थी हे नेहमी सोडून देतात. गूगल अर्थवर मागच्या वर्षांची उपग्रहचित्रं सरकवून बघता येतात. विमानतळासाठी उलव्याचा डोंगर कापला जाताना आणि नदीचं पात्र वळवलं जाताना टप्प्याटप्प्याने दिसतं. त्याच्याही मागे जायचं तर अमेरिकेच्या कोरोना नावाच्या हेरगिरी उपग्रहांनी १९६० ते १९७२ या काळात काढलेली छायाचित्रं १९९५ मध्ये खुली झाली. अमेरिकन भूगर्भ सर्वेक्षणाच्या संकेतस्थळावर ती शोधता येतात, स्कॅन झालेली फुकट उतरवता येतात. नवी मुंबई वसवणारं सरकारी महामंडळ सिडको १९७० चं. म्हणजे ९५ गावांच्या जमिनीवर नवं शहर आखलं जाण्याआधीची खाडी त्यांत सापडू शकते, खाजण, बांध, मिठाचे वाफे यांच्या रेघांसकट. भूमी अभिलेखच्या कार्यालयातून गावाचा नकाशा, जुना हाताने लिहिलेला सातबारा, फेरफार मिळवा. संपादनाच्या वेळी संयुक्त मोजणी होते, तिच्यात झाडं, विहिरी, बांधकामं यांची नोंद असते. घरच्या फाइलमध्ये तिची प्रत असेल. ‘आंबा १, शेवगा २, विहीर पक्की १’ ही भाषा बघा. सरकारी कारकुनाने तुमच्या परसाचं केलेलं वर्णन आहे ते. त्याच्या शेजारी आजीचं त्याच परसाचं वर्णन ठेवलंत तर तुम्हाला वेगळी टीका करायची गरज उरत नाही.

आणि लग्नाच्या व्हिडिओ कॅसेटी. हे मी सगळ्यांना सांगते. आपल्याकडे घराचा, गल्लीचा फोटो म्हणून फोटो कोणी काढत नव्हतं, पण हळदीचं शूटिंग सगळ्यांनी केलं. नवऱ्यामुलाकडे बघू नका, त्याच्या मागे बघा. भिंतीचा रंग, दाराची चौकट, ताडपत्री कशाला बांधली आहे, पाण्याचं पिंप, सायकल, बघायला आलेली पोरं कुठल्या कट्ट्यावर चढली आहेत. कॅमेरावाला वरातीबरोबर चालत गेलेला असतो, म्हणजे गावाचा अख्खा रस्ता सलग चित्रित झालेला असतो. जुन्या टेपवर रेघा येतात, रंग फुटतो, चेहरे हॅलोजनने पांढरेफटक होतात. ते दुरुस्त करू नका. त्या पांढऱ्या झोताच्या कडेला अंधारात अर्धवट दिसणारं घर हे तुमच्याकडे असलेलं सगळ्यात खरं संदर्भचित्र असेल.

सिडकोच्या भूसंपादनावरून झालेल्या १९८४ च्या शेतकरी आंदोलनाबद्दल तुम्ही काही लिहिलेलं नाही, पण मालिका बघणारे विचारतीलच. १६ आणि १७ जानेवारीला जासई परिसरात गोळीबार झाला, पाच शेतकरी गेले, दि. बा. पाटलांच्या नेतृत्वाखाली लढलेल्या त्या लढ्यातून साडेबारा टक्के विकसित जमिनीचा हक्क मिळाला. त्याचं स्मारक आहे, दरवर्षी अभिवादन होतं, पुढाऱ्यांची पोर्ट्रेटं भरपूर झाली आहेत आणि होत राहतील. तुम्हाला त्यात भर घालायची असेल तर घरातल्या बायकांना विचारा की त्या दोन दिवसांत कोण कोणाच्या घरी थांबलं, चुलीवर काय शिजलं, गुरांना कोणी पाणी दाखवलं. चौकातल्या भाषणांत हे येत नाही.

लोकशैलीबद्दल माझं मत कडक आहे. वारली चित्र वारल्यांचं आहे. वारली चित्रकार जिव्या सोमा मशे डहाणू भागातले. लग्नाच्या चौकापुरती, सवाशिणींनी तांदळाच्या पिठाने भिंतीवर काढायची ही चित्रं त्यांनी १९७० च्या दशकात कागदावर आणली आणि त्यांच्या हातात त्यांचं काहीतरी निराळंच झालं. त्यांच्या रेषेमागे त्यांचं गाव होतं. तुम्ही ती घेतलीत तर आपल्या उड्डाणपुलांच्या खांबांवर जे त्रिकोणी अंगाचे नाचणारे लोक रंगवलेले असतात त्यांत आणखी एका खांबाची भर पडेल. आगरी घरात उचलण्यासारखं पुष्कळ आहे. धवलारीण लग्नात धवला गाते, देवांना एकेकाला नाव घेऊन बोलावते. ती नावांची माळ, तिची पुनरुक्ती, तिची चाल ही रचना आहे, तिच्यावर चित्रांची ओळ बांधता येते. ओळखीत धवलारीण असेल तर गाण्यात गावाच्या जागा येतात का ते ऐका.

खांबांवरून आठवलं, रोहित पक्षी टाळा. नवी मुंबईत आता भिंत दिसली की फ्लेमिंगो, चौक दिसला की फ्लेमिंगोचा पुतळा. ठाणे खाडीत ते मोठ्या संख्येने दिसू लागले १९९० च्या दशकात. २०१५ मध्ये अभयारण्य झालं, २०२२ मध्ये पाणथळ जागांच्या आंतरराष्ट्रीय रामसर यादीत नाव गेलं. तुमची आजी मिठागरात जात होती त्या काळाच्या चित्रात गुलाबी थवा घातलात तर ती शहराच्या जाहिरातीची आठवण होईल, तिची नाही. तिला पक्षी विचारा. ती बगळ्यांचं सांगेल, आणि पक्ष्यांपेक्षा निवट्या, चिंबोऱ्या आणि जिताड्याबद्दल जास्त बोलेल.

आता माती आणि मीठ. हे वापरता येतं, पण दोन्ही लबाड आहेत.

माती आधी. विमानतळाच्या हद्दीत शिरू नका आणि तिवरांच्या जंगलात तर नकोच, ती संरक्षित आहेत. दिवाळे गावाच्या किंवा बेलापूरच्या बाजूला होड्या लागतात तिथे ओहोटीला बादलीभर चिखल मिळतो. हातमोजे घाला. या खाडीत ठाणे-बेलापूर पट्ट्यातल्या कारखान्यांचं आणि शहरांच्या गटारांचं पाणी वर्षानुवर्षं आलं आहे, गाळात जड धातू आहेत. वाळवलेली माती दळताना मास्क लावा. चिखल काळा दिसतो त्यावर भाळू नका. तो काळेपणा लोहाच्या सल्फाइडचा, हवा लागली की जातो आणि हाती राखाडी तपकिरी रंग उरतो. काळाच हवा असेल तर त्यात काजळी घालावी लागेल, आणि मग ती खाडीची माती म्हणून मिरवू नये.

बादलीत नळाचं पाणी भरून ढवळा, निवळू द्या, वरचं पाणी ओता, पुन्हा पाणी घाला. मीठ निघेपर्यंत हे करत राहायचं. निघालं की नाही हे चव घेऊन बघू नका. निवळलेल्या पाण्याचा एक थेंब काळ्या काचेवर किंवा काळ्या मार्बलच्या तुकड्यावर वाळवा. पांढरी कड उमटली तर मीठ अजून आहे. कड उमटेनाशी झाली की चिखल पातळ करून मलमलीतून गाळा, जाड रेती तळाला बसू द्या, वरचा गढूळ भाग ताटात ओतून सावलीत वाळवा आणि खलात घोटा. कागदासाठी बाभळीच्या डिंकाचं पाणी, त्यात लवंगेच्या तेलाचे एकदोन थेंब, नाहीतर बुरशी धरते. कॅनव्हास किंवा प्लायसाठी ॲक्रिलिक मीडियम. खाडीची माती पाणी पिऊन फुगते आणि वाळताना आक्रसते, म्हणून जाड थर दिलात की भेगा पडून पापुद्रे निघणार. पातळ हात द्या, खडूची पूड मिसळा. भेगाच हव्या असतील तर खालचा आधार ताठ पाहिजे, ताणलेल्या कॅनव्हासवर त्या टिकत नाहीत.

मीठ ओल्या जलरंगावर टाकलं की ते पाणी ओढतं आणि फुलं उमटतात, हे तुम्ही पहिल्या वर्षालाच केलं असेल. ते मिठाचं काम म्हणून दाखवू नका, तो शोभेचा प्रकार आहे. खडे मीठ चित्रावर चिकटवायचा विचार असेल तर आपला पावसाळा लक्षात घ्या. शुद्ध मीठ साधारण ७५ टक्के आर्द्रतेला पाणी धरून विरघळू लागतं. मिठागरातल्या खड्यात मॅग्नेशियमचे क्षार असतात, तो त्याच्याही आधी ओला होतो. जुलैमध्ये चित्र गळायला लागेल, चौकटीचे खिळे गंजतील, गंजाचे ओघळ कागदावर उतरतील. दोन वाटा आहेत. एक, मीठ चित्रापासून वेगळं, काचेच्या बंद पेटीत ठेवायचं. दुसरी मला जास्त आवडते: गळणं हेच काम करायचं. लोखंडी पत्र्यावर सुती कापड अंथरा, मिठाचं पाणी शिंपडा, वर पुन्हा पत्रा. काही दिवसांनी कापडावर गंजाचा ठसा येतो. वाफ्यांच्या आकाराचे पत्रे कापून घेतलेत तर मिठागराचा नकाशाच गंजात छापला जाईल. पत्रा वागळे इस्टेटच्या भंगारात वजनावर मिळतो. नंतर कापड भरपूर धुवा, कारण लोखंड आणि खार राहिला तर सूत कुजत जातं. धुऊनही थोडं कुजणारच, आणि ते विकत घेणाऱ्याला स्पष्ट सांगायचं.

सामान आणि विषय यांचं नातं कसं असावं हे बघायचं तर चित्रकार प्रभाकर पाचपुते. चंद्रपूर जिल्ह्यातल्या सास्तीचे, घरात कोळसा खाणीत काम करणारी माणसं, आणि ते स्वतः कोळशानेच, पुष्कळदा थेट भिंतीवर काढतात. तिथे कोळसा शोभेला घेतलेला नाही. जवळचंच उदाहरण म्हणजे ठाण्याच्या चेंदणी कोळीवाड्यातले शिल्पकार पराग तांडेल. कादंबरी कोळी-तांडेल यांच्याबरोबर त्यांनी कोळ्यांच्या वस्तू, खाणं, शब्द, आठवणी यांचा संग्रहच उभा केला आहे. रेल्वे, रस्ते आणि भरावाने खाडीपासून तोडलेला कोळीवाडा तो. तुमच्या प्रश्नाशी इतकं जवळचं काम दुसऱ्या कोणाचं मला सुचत नाही.

दाखवण्याचं थोडक्यात. पहिलं प्रदर्शन गॅलरीत नको, करंजाड्यात करा, देवळाच्या सभामंडपात किंवा समाजाच्या हॉलमध्ये, दोनच दिवस. प्रत्येक नकाशावर ट्रेसिंग पेपर लावा आणि दोरीला पेन्सिल बांधून ठेवा. लोक चुका काढतील, आपापलं घर दाखवतील, एकमेकांशी भांडतील. ते कागद जपून ठेवा, पुढच्या प्रदर्शनात तेही लावायचे. शीर्षकं आगरीत ठेवा, खाली भाषांतर देत बसू नका. त्यानंतर कापूरबावडीचं ठाणे कला भवन, राज्य कला प्रदर्शन, बॉम्बे आर्ट सोसायटीचं वार्षिक. जहांगीर आर्ट गॅलरीचा अर्ज आजच भरून टाका, तिथली रांग लांब आहे. भिंतीचं भाडं घेऊन ‘आंतरराष्ट्रीय समूह प्रदर्शन’ भरवणारे फोन करतील, त्यांना नम्रपणे नाही म्हणा.

एक पथ्य. रेकॉर्डिंगमध्ये मोबदला, भाऊबंदकी, कोर्टातले दावे हे सगळं येणार, कारण आपल्याकडे जमिनीची आठवण पैशाशिवाय निघतच नाही. ते ऐका, पण ज्याने सांगितलं त्याला पुन्हा विचारल्याशिवाय भिंतीवर लावू नका. सातबारा दाखवायचा तर नावं झाका. आणि सगळ्या रेकॉर्डिंगची एक प्रत गावातल्या कोणाकडे तरी राहू द्या.

वीस कॅनव्हास एकदम विकत आणू नका. फक्कीची आखणी आणि चिखल दोन्ही पावसाच्या आत उरकायला हवं, पण आजीचं वय तुम्ही लिहिलं आहे ते बघता याच आठवड्यात तिच्यापाशी बसा, आणि एका वेळी तासाभराहून जास्त बसवू नका, ती दमते.